कल्पित जगाचं विधीगीत बसवताना: चाल सगळ्यात शेवटी

"आमच्या जगातलं एक पवित्र गाणं केलंय, जरा ऐकता का?" असं म्हणून कुणी एकांकिकेसाठी, कुणी ध्वनिकथेसाठी, कुणी लिहायला घेतलेल्या कादंबरीसाठी केलेलं मला पाठवतं. त्यातलं बरंचसं एकाच साच्यातून पडलेलं असतं. तंबोऱ्याचं ॲप सुरू. त्यावर खर्जात लांबलचक हुंकार. मग संस्कृतसारखे वाटणारे, पण कशाचाच अर्थ नसलेले शब्द. चाल भैरवीच्या आसपास. आणि सगळ्यावर इतका रिव्हर्ब (यंत्राने चढवलेला घुमारा) की गाणारा विहिरीत पडलाय की काय असं वाटावं.

गळा चांगला असतो, मेहनतही असते. चुकतो तो क्रम. चाल आधी सुचते, तिच्यात शब्द कोंबले जातात, आणि "या गाण्यावर माणसं करतात काय?" असं विचारलं की उत्तर येतं, "म्हणजे... पूजा असते." कसली पूजा, कोण उभं, कोण बसलेलं, कुणाच्या हातात काय, हे ठरलेलंच नसतं. म्हणून इथे क्रम उलटा करून सांगते. चाल सातव्या टप्प्यावर येईल. त्याआधी गुणगुणलात तरी लिहून ठेवू नका.

उदाहरण म्हणून माझ्याच एका ध्वनिकथेतलं जग घेते. कोरडं पठार, जमिनीत लोखंड-तांबं काही नाही, समुद्र कुणी पाहिलेला नाही. एक दगडी बांधाचं तळं. वर्षातून एकदा त्याच्या मोरीवरची शिळा सरकवून पाणी शेतांना सोडतात. त्या वेळच्या रचनेचं नाव "उघडणी". सगळं मनचं आहे, पण खाली जे आकडे येतील ते मोजून घेतलेले आहेत.

तयारी

वही, सेकंद दाखवणारं घड्याळ (मोबाईल चालेल), वीस-पंचवीस फुटांचा जाड दोर, एक हलगी, मातीची घागर, कडब्याची एक पेंढी. आणि सहा-सात माणसं, त्यातली निम्मी तरी न गाणारी. विधी गाणारी माणसं गवई नसतात. गवयांकडूनच तालीम घेतलीत तर रचना त्यांच्या गळ्याला चिकटेल.

कडबा सोलापुरात सहज मिळतो. मी पेंढी रिक्षात घातली तर रिक्षावाल्याने विचारलं, "म्हस कुठं बांधलीय अक्का?"

पेटी, कीबोर्ड, तंबोऱ्याचं ॲप या वस्तू सातव्या टप्प्यापर्यंत कपाटात.

टप्पा १: आधी काम लिहा

विधी म्हणजे ठरलेल्या क्रमाने केलेलं काम. भाव त्या कामातून येतो. त्यामुळे वहीत पहिल्या पानावर फक्त क्रियापदं हवीत. उघडणीचं पान असं होतं:

१. बारा बाया रिकाम्या घागरी डोक्यावर घेऊन पायऱ्या उतरतात.
२. सगळ्यात थोरली बाई ओंजळीने पाणी चाखते आणि ते गोड की मचूळ ते सांगते.
३. आठ जण दोर ओढून शिळा सरकवतात.
४. पाणी पाटाने पहिल्या शेतात पोचेपर्यंत कुणी बोलत नाही.
५. बाया घागरी भरून वर येतात.

आता प्रत्येक ओळीसमोर वेळ लिहा. अंदाजाने नको, करून बघा. मी आमच्या इमारतीच्या जिन्यावर डोक्यावर घागर घेऊन उतरले. एका पायरीला दीड सेकंद लागला, त्याहून घाई केली की मान ताठ होते आणि घागर डुलते. हा दीड सेकंद पुढे सगळ्या रचनेचा पाया झाला. घरात बसून मी तो कधीच एवढा संथ धरला नसता.

सावध: "देवाला आळवतात", "कृपा मागतात" हे काम नव्हे. आळवताना हात कुठे असतात, ते लिहा.

तपासा: तुमची कथा न वाचलेल्या माणसाच्या हातात हे पान द्या. एक शब्द न बोलता त्याला विधी करून दाखवता आला पाहिजे. अडला तर पुढच्या टप्प्यावर जाऊ नका.

टप्पा २: त्या जगात काय नाही

काय आहे याची यादी सगळे करतात. नाही त्याची करा, काम पटकन होतं. माझ्या पठारावर धातू नाही, म्हणून झांज नाही, टाळ नाही, घंटा नाही, घुंगरू नाही, तुणतुण्याची तारही नाही. तार हवीच असेल तर तांतीची, म्हणजे आतड्याची. समुद्र नाही, म्हणून शंख नाही. ही चूक इतक्यांदा दिसते की विचारू नका: चार दिशांना वाळवंट असलेल्या राज्यात पुजारी शंख फुंकतोय. तो आणला कुठून? व्यापाऱ्याने आणला असेल तर तसं लिहा, मग तो शंख मोलाचा होतो आणि विधीत त्याला वेगळी जागा द्यावी लागते.

पिकांकडेही बघा. पखवाजाच्या डाव्या अंगाला कणीक लावावी लागते. ज्वारीशिवाय काही पिकत नाही तिथे कणीक कुठली?

उरलं ते असं: कातडं, लाकूड, माती, दगड, भोपळा, कडबा. लाकडी कड्याची हलगी, दोन गोटे, घागर, आणि पाण्याच्या आवाजासाठी कडब्याची पेंढी. पेंढी उभी धरून शेंड्याकडून हळूहळू हलवली की कोरड्या पाटात पाणी शिरताना होतो तसा सळसळाट येतो. पानं फार वाळलेली असतील तर तो कागदासारखा होतो. आदल्या रात्री पेंढीवर पाण्याचा हबका मारून ठेवा.

हलगीबद्दल एक अडचण आधीच सांगते. कातड्याची हलगी जाळावर शेकल्याशिवाय बोलत नाही, आणि नाट्यगृहात जाळ करता येत नाही. बाहेर शेकून आणली तरी पावसाळी हवेत किंवा एसीत थोड्या वेळात पान (वरचं कातडं) सैल पडतं आणि कडक ठोक्याच्या जागी "भद" ऐकू येतं. विंगेत केस वाळवायचं मशीन ठेवा. मेच्या उन्हात उलटी अडचण: पान इतकं ताणलं जातं की आवाज चिरका होतो, तेव्हा ओल्या फडक्याने किंचित पुसून घ्या. प्लॅस्टिकच्या पानाची हलगी या भानगडीतून सुटका करते, पण तिचा आवाज लग्नाच्या वरातीचा येतो.

टप्पा ३: जागा मोजा

उघड्या माळावरचा आवाज घुमत नाही. तो निघून जातो. म्हणून पठारावरच्या गाण्याला देवळाच्या गाभाऱ्याचा रिव्हर्ब चढवला की ऐकणाऱ्याला कारण सांगता आलं नाही तरी खोटेपणा कळतो.

आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो. एवढा एक आकडा लक्षात ठेवा, तो दोन ठिकाणी लागतो.

पहिलं, मिरवणूक. हलगी पुढे आणि शेवटची रांग १०० मीटर मागे असेल तर ठोका तिथे ०.३ सेकंद उशिरा पोचतो. रचना जलद असेल तर मागचे लोक पुढच्यांच्या मात्रेवर (तालातल्या मोजणीवर) कधीच येणार नाहीत. सोलापुरात संक्रांतीला सिद्धेश्वराच्या यात्रेत नंदीध्वजांच्या, म्हणजे उंच मानाच्या काठ्यांच्या, मिरवणुकीत रस्त्याच्या कडेला एका जागी उभं राहून ऐका; सात काठ्या एकामागून एक समोरून जातात तसा नाद सरकत, बदलत जातो. कल्पित मिरवणुकीत मात्र लोक हजारभर माणसं एका ठोक्यावर गायला लावतात. तसं हवं असेल तर प्रत्येक गटाला स्वतंत्र वाद्य द्या, किंवा पुढच्यांनी हाक द्यायची आणि मागच्यांनी ऐकून मग उत्तर द्यायचं अशी रचना करा.

दुसरं, प्रतिध्वनी. माझी एक मात्रा पाऊण सेकंदाची (एका पायरीला दोन). पाऊण सेकंदात आवाज २५५ मीटर जातो, म्हणजे जाऊन-येऊन. समोरचा बांध साधारण १२८ मीटरवर ठेवला की हलगीचा ठोका पाण्यावरून जाऊन बरोबर पुढच्या मात्रेवर परत येतो. मी तळं तेवढंच रुंद केलं. रेकॉर्डिंगमध्येही रिव्हर्ब न देता फक्त पाऊण सेकंदाचा एक, मंद, एकदाच येणारा इको दिला. ध्वनिकथा ऐकणाऱ्या एका बाईंनी नंतर विचारलं की हे कुठल्या तळ्यावर रेकॉर्ड केलं. सोलापूरच्या पूर्व भागातल्या आमच्या घराच्या मागच्या खोलीत केलं होतं.

तपासा: विधीच्या जागेचा साधा नकाशा काढा आणि प्रत्येक गाणारा-वाजवणारा कुठे उभा आहे तिथे ठिपका द्या. दोन ठिपक्यांत ३० मीटरहून जास्त अंतर असेल तर त्यांना एकत्र वाजवायला लावण्याआधी विचार करा.

टप्पा ४: ताल कामातून काढा

जात्यावरची ओवी दळणाच्या फेऱ्यात बसते, कारण ती तिथेच झाली. तसंच करायचं. उघडणीतलं सगळ्यात जड काम म्हणजे शिळा ओढणं. मी दोर खिडकीच्या गजाला बांधला, चौघांना ओढायला लावलं आणि मोजलं. दोर धरायला दोन मात्रा, दम घ्यायला दोन, ओढायला तीन. झाले सात.

सात म्हटल्यावर तबलजी लगेच रूपक हा सात मात्रांचा ताल धरतो. अडवा त्याला. रूपकाचे खंड ३-२-२ आहेत आणि त्याची सम, म्हणजे पहिली मात्रा, 'खाली'ची, बिनजोराची आहे. आपले खंड २-२-३, आणि सगळा जोर शेवटच्या तीनवर. मात्रा त्याच, चालणं वेगळं. ठेका लिहून देऊ नका, दोराचं टोक हातात द्या. एकदा ओढून झालं की हात आपोआप बरोबर पडतो.

आता हिशेब जुळवायचा. एका ओढीला शिळा वीतभर सरकते, मोरी मोकळी व्हायला बारा विती, म्हणजे बारा आवर्तनं (तालाच्या पूर्ण फेऱ्या). ८४ मात्रा, ६३ सेकंद. ओढण्याचं काम बसलं.

पायऱ्या मी आधी ४० लिहिल्या होत्या. पायरीला दोन मात्रा म्हणजे ८०, आणि ८० ला सातने भाग जात नाही. अकरा आवर्तनं होऊन तीन मात्रा उरतात. बाया शेवटच्या पायरीवर पोचतात तेव्हा ताल अधांतरी. दोन दिवस त्या तीन मात्रांचं काय करायचं यावर डोकं घासलं. मग पायऱ्या ४२ केल्या. जग आपलं आहे, दोन पायऱ्या वाढवायला गवंडी लागत नाही.

सावध: आठ मात्रांचा सरळ ठेका घेऊ नका. मराठी माणसाचे हात त्यावर टाळ वाजवायला उठतात, आणि तुमचं पठार दोन आवर्तनांत दिंडीत जाऊन मिळतं. विनोदी प्रसंग असेल तरच.

टप्पा ५: शब्द

शब्दांचे तीन थर हवेत. एक, सगळ्यांना कळणारे. दोन, कुणालाच न कळणारे, पण झिजून तसे झालेले. तीन, खुणेचे: ते उच्चारले की काहीतरी घडतं.

कळणारे शब्द तालाच्या खंडात बसवा, मात्रेला एक अक्षर. २-२-३ म्हणजे सात अक्षरं:

पाणी थांबे दारात
दार झोपे दोरात
दोर माझ्या हातात
हात तुझ्या शब्दात

एका ओळीचा शेवट पुढच्या ओळीची सुरुवात. पाठांतराला हे फार सोयीचं आहे. एक कडी धरली की पुढची निघते. या चार ओळी तीनदा म्हटल्या की बारा आवर्तनं, पायऱ्या संपल्या. शिळा ओढताना हीच साखळी उलटी:

शब्दातून हातात
हातातून दोरात
दोरातून दारात
दारातून शेतात

पहिल्यांदा पाण्यापासून शब्दापर्यंत चढलो, आता शब्दापासून शेतापर्यंत उतरलो. अर्थ सांगायला वेगळं पात्र लागत नाही.

तुमचा ताल वेगळा असेल तर अक्षरांची बेरीज वेगळी येईल, ते ठीक. फक्त ६-६-६-४ अशी मांडणी करून दुसऱ्या-तिसऱ्या चरणात यमक जुळवू नका. तो मोठ्या अभंगाचा बांधा आहे. शब्द कितीही परके टाका, ऐकणाऱ्याला पंढरपूर दिसणार, आणि इथून ते लांबही नाही.

न कळणारे शब्द. इथे सगळ्यात जास्त घाण होते. "झाराक्ष ऊमथोर" वगैरे. असे शब्द कुठूनच आलेले नसतात, म्हणून तोंडात बसत नाहीत. आधी साधं वाक्य घ्या आणि ते हजारो तोंडांतून गेल्यासारखं झिजवा. मी घेतलं: "ये रे जळा, भिज रे मळा." पहिल्या झिजेत शब्द चिकटले: "येर्जळा भिजर्मळा." दुसऱ्या झिजेत महाप्राण ("भ"मधला "ह") गेला, मधली अक्षरं गळाली: "एर्जा बिर्मा." चार अक्षरं, चार मात्रा, पुढच्या तीन मात्रा गप्प. गावात कुणालाच अर्थ माहीत नाही, पण ऐकताना "जळ" कुठेतरी आत हलतं. झीज जीभेच्या आळसाने होते, कवीच्या हौसेने नाही. म्हणून प्रत्येक पायरी भरभर दहा वेळा म्हणून बघा आणि जीभ जे टाकते तेच टाका.

खुणेचे शब्द म्हणजे काय ते सोलापूरकरांना समजावून सांगायला नको. भोगीच्या दिवशी संमती कट्ट्यावर सिद्धेश्वराच्या लग्नाच्या अक्षता सोहळ्याला उभं राहिलेल्या गर्दीला संमतीच्या, म्हणजे तिथल्या मंगलाष्टकांच्या, कानडी शब्दांचा अर्थ सांगता येईलच असं नाही. कुणी मराठी बोलणारं, कुणी तेलुगू, कुणी कानडी. पण "दिड्ड्यम् दिड्ड्यम्" कानावर आलं की हात वर जातो आणि अक्षता पडतात. शब्द कळावा लागत नाही, वेळ कळावी लागते. उघडणीत "एर्जा बिर्मा" तसं वापरलं: थोरलीने पाणी चाखून "गोड" म्हटलं की सगळे एकदाच हे म्हणतात, आणि आठ जण वाकून दोर उचलतात. संपूर्ण विधीत एकदाच. दोनदा वापरलंत तर ती खूण राहत नाही, पालुपद होतं.

सावध: खऱ्या मंत्रातली दोन अक्षरं बदलून "आमच्या जगातला मंत्र" करू नका. चोरी लगेच ओळखू येते, आणि ज्यांचा तो आहे त्यांना बोचते. अक्षता सोहळ्यातून मी घेतली ती रीत, शब्द तिथलेच राहिले.

टप्पा ६: कुणी काय म्हणायचं

हा टप्पा मी पहिल्या वेळी गाळला आणि तोंडावर आपटले.

उलटी साखळी मी ओढणाऱ्यांनाच पूर्ण गायला दिली होती. कागदावर सुंदर दिसत होतं. तालमीत दोराच्या दुसऱ्या टोकाला वाळूची पोती बांधली आणि सुरुवात केली. पहिलं आवर्तन ठीक. दुसऱ्यात "हातातून" नीट आलं, "दोरात"च्या जागी फक्त "हं" आलं. तिसऱ्यात दोघं गायचे थांबले, एक हसायला लागला, आणि हलगी वाजवणारा पोरगा, जो मिरवणुकांत वाढलाय, म्हणाला, "अक्का, ओढताना गायाचं म्हणजे जीव जातोय की. ओढणारा वरडतोय, गातोय व्हय?"

बरोबर बोलला. जोर लावताना माणूस श्वास कोंडतो, मग एकदम सोडतो. तेवढ्यात एक शब्द बसतो, ओळ नाही. म्हणून वाटणी बदलली:

थोरली बाई (चार मात्रा): हातातून
ओढणारे (तीन मात्रा, ओढीसकट): दोरात!

दोघांनाही दम मिळाला. वर गंमत अशी की "दोरात", "दारात", "शेतात" हे जोराने, घामाने आलेले शब्द झाले आणि त्यांना वेगळा सूर देण्याची गरजच उरली नाही. उतरताना मात्र उलट. घागर डोक्यावर असताना ओरडता येत नाही, म्हणून तिथे सगळ्या बाया सलग, हळू, जवळजवळ बोलल्यासारख्या म्हणतात.

तपासा: प्रत्येक ओळ ती म्हणणाऱ्याने त्याचं काम करत करतच म्हणून बघायची. उभं राहून, कागद हातात धरून म्हटलेलं मोजू नका.

टप्पा ७: आता चाल

इथपर्यंत आलात की चाल फारशी "सुचावी" लागत नाही. बरंचसं ठरून गेलेलं असतं: किती अक्षरं, कुठे दम, कुठे ओरड.

स्वर कमी घ्या. मी चार घेतले: मंद्र धैवत (खालचा ध), षड्ज (सा), शुद्ध गंधार (ग), शुद्ध मध्यम (म). पूर्ण सप्तकभर फिरणारी चाल गर्दीला पेलत नाही. वरच्या टोकाला पुरुष गळपटतात, खालच्या टोकाला बाया. चार स्वर इतक्या थोड्या जागेत असले की पेटीची काळी एक ही पट्टी धरून दोघंही एका सप्तकाच्या अंतराने सुखाने म्हणतात, पट्टीवरून भांडण होत नाही.

मग एकच निर्णय महत्त्वाचा: षड्जावर कधी यायचं. पायऱ्या उतरताना प्रत्येक ओळ गंधारावर सोडली. काम अपुरं आहे, कान अपुरा राहू दे. ओढताना पहिल्या तीन ओळीही गंधारावरच. फक्त "दारातून शेतात" ही ओळ, तीही तिसऱ्या फेरीत, म्हणजे बाराव्या आवर्तनात, षड्जावर बसते. दोन मिनिटं तंगवलेला कान तिथे जमिनीवर येतो, आणि त्याच क्षणी शिळा मोकळी होते. तंबोरा यासाठीच नको म्हटलं होतं: षड्ज सतत कानात वाजत असेल तर त्याच्यावर येण्यात काय राहिलं?

तपासा: शास्त्रीय संगीत शिकलेल्या ओळखीच्या माणसाला चाल ऐकवा. दहा सेकंदांत त्याने रागाचं नाव घेतलं तर एक स्वर बदला. भूप निघाला तर प्रार्थना वाटते, भैरवी निघाली तर मैफल संपली समजून लोक चपला शोधतात.

टप्पा ८: चुकलं तर काय

खरा वाटणारा विधी चुकीची सोय करून ठेवतो. वेदपाठात शब्द उलटसुलट जोडून म्हणायच्या रीती आहेत: क्रमपाठात एक-दोन, दोन-तीन; जटापाठात एक-दोन, दोन-एक, एक-दोन; घनपाठात त्याहून गुंतागुंत. एक शब्द हलला तरी पकडला जावा, ही सोय. तुमच्या जगात लिपी नसेल तर गाणं टिकवायची अशी काहीतरी युक्ती लागेलच. माझी साखळी सुलटी आणि उलटी आहे, तीच पडताळणी. उतरताना एखादी कडी गळली तर ओढताना ती सापडत नाही आणि ओढणाऱ्यांचा ठोका हुकतो.

चुकल्यावर काय करायचं तेही ठरवा. उघडणीत बाया परत वर जातात आणि ४२ पायऱ्या पुन्हा उतरतात. शिक्षा नाही, शाप नाही, फक्त पुन्हा. कथेत हे मला फार उपयोगी पडलं, पण तो वेगळा विषय.

टप्पा ९: तालीम, रेकॉर्डिंग, शांतता

तालमीचाही क्रम आहे. आधी काम मुक्याने. मग काम आणि हलगी. मग शब्द, बिनसुराचे. शेवटी सूर. उलट्या क्रमाने गेलात तर लोक सूर सांभाळत बसतात आणि घागर सांडते. पायऱ्यांची तालीम खऱ्या पायऱ्यांवर करा; रंगमंचावर सपाट जागेत चालायचं असलं तरी एकदा पाय खाली उतरायला शिकले की चालणं बदलतं, ते प्रेक्षकाला दिसतं.

रेकॉर्डिंगला मोबाईल पुरतो, पण हलगी फोनपासून पाच-सहा पावलं लांब आणि थोरली बाई दोन पावलांवर. हलगी जवळ आली की आवाज फाटतो. आमच्याकडे वेगळीच अडचण असते: भिंतीपलीकडे यंत्रमाग. त्यांची खटखट दोन-दोनमध्ये चालते आणि माझ्या सातच्या आवर्तनाला ती हमखास पाडते. लाईट गेली की माग थांबतात. फोन चार्ज करून ठेवायचा, माणसांना चहावर बसवून ठेवायचं आणि लाईट जायची वाट बघायची. अख्खी उघडणी अशा एका पाऊण तासात झाली.

आता चौथं काम, ज्यात काहीच नाही. शिळा सरकली, पाणी निघालं, आणि ते पहिल्या शेतात पोचेपर्यंत कुणी बोलत नाही. मी ४० सेकंद ठेवले. या ४० सेकंदांत फक्त पेंढी: आधी कडब्याचं एक ताट हलल्याइतकी, मग वाढत. रंगमंचावरच्या एका प्रयोगात बाराव्या सेकंदाला ध्वनी सांभाळणाऱ्याला वाटलं की ट्रॅक अडकला, आणि त्याने घाईघाईत पुढच्या, लग्नाच्या प्रवेशाचं संगीत सुरू केलं. पाणी शेतात पोचायच्या आतच लग्न लागलं.

त्यानंतर ध्वनीच्या कागदावर लाल अक्षरात लिहिते: "शांतता. ४० सेकंद. बिघाड नाही." विंगेत एकाला घड्याळ घेऊन उभं करते आणि त्याने हात वर केल्याशिवाय कुणी हलायचं नाही. हे मोजायचं काम हलगीवाल्याला देऊ नका. तो मनातल्या मनात सातच्या चालीत मोजतो आणि पंचविसाव्या सेकंदालाच टिपरू उचलतो.